सातखाड्यांमधले गोळे आणि ते वापरायची रीत

गेल्या चतुर्थीला चाकरमानी परत गेले आणि मी ओटी आवरत होते, तेव्हा आमच्या सातखाड्यांच्या वहीत शेवटच्या पानावर भाचीने पेन्सिलने लिहिलेलं सापडलं. "मावशी, सादगोळा कोणी ऐकलाच नाही आणि तो जमिनीत पुरला तर काय होईल?" सादगोळा म्हणजे आमच्या खेळातला, निरोपाचा आवाज बंद करून पाठवायचा जादूचा गोळा. केरसुणी हातात तशीच राहिली. एवढी वर्षं हा मुलूख आमच्या डोक्यात आहे, मॅप आहे, खाड्यांची नावं आहेत, कुठल्या गावात कुठला गोळा आहे ते लिहिलेलं आहे, पण हा प्रश्न मला कधी सुचलाच नव्हता. त्याचं उत्तर शोधताना सगळे गोळे पुन्हा पहिल्यापासून तपासावे लागले, म्हणून हे लिहितेय, जरा मोठं होईल.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी, सातखाड्या हा आम्ही मावस-मामे भावंडांनी मे महिन्याच्या सुट्टीत जुन्या कॅलेंडरच्या पाठीमागे काढलेला मुलूख. सात खाड्या, पुढे समुद्र, मागे चढता न येणारा डोंगर, राजा नाही. फासे टाकून खेळायचो, कोण तांडेल म्हणजे बोटीचा म्होरक्या, कोण वैद्य, कोण चोर. बाकीचे मोठे झाले, नोकरीला लागले, मी मात्र तो मुलूख सोडला नाही, आता भाच्या-पुतण्यांबरोबर खेळते आणि मधल्या काळात लिहिते.

जादूचे गोळे आमच्याकडे पहिल्यापासून होते कारण सगळ्याच अशा गोष्टींमध्ये असतात. काचेचा गोळा, मखमलीवर ठेवलेला, जादूगार हात फिरवतो, आत धूर, मग दूरचं दिसतं नाहीतर त्यातून आग निघते. आम्हीही तसंच सुरू केलं होतं. पण दोन-तीन सुट्ट्यांमध्ये खेळ बेचव झाला, कारण ज्याच्याकडे गोळा तो जिंकणार हे आधीच ठरलेलं, आणि गोळा कधी दमत नाही, त्याला काही घालावं लागत नाही, तो पुसतो कोण, रात्री ठेवतात कुठे, काहीच नाही. आमच्या घरात साधा पंप असला तरी त्याला माणूस लागतो. तेव्हापासून मी एकच गोष्ट धरून ठेवलीय, की सातखाड्यांमधला प्रत्येक गोळा मी स्वतः हातात धरलेल्या किंवा डोळ्यांनी बघितलेल्या कशापासून तरी आलेला पाहिजे, तो संपला पाहिजे, आणि तो राखणारं कोणीतरी पाहिजे. राखणाऱ्यांना आम्ही गोळकरी म्हणतो.

पहिला सांगते तो गोडगोळा, कारण तो मला सगळ्यात जवळचा आहे.

आमचं घर तारकर्ली-देवबागच्या पट्टीवर. एका बाजूला समुद्र आणि दुसऱ्या बाजूला कर्लीची खाडी, मध्ये वाळू आणि माड, आणि त्या वाळूत विहिरी, ज्यांना आजी बावडी म्हणायची. दोन्हीकडे खारं पाणी असताना मधल्या विहिरीला गोडं पाणी येतं कसं हे मला लहानपणी चमत्कारच वाटायचं, आणि आता कारण कळल्यावर तर जास्तच वाटतं. गोडं पाणी हलकं असतं. एक लिटर गोडं पाणी एक किलो, तर समुद्राचं सुमारे १०२५ ग्रॅम. म्हणून पावसाचं पाणी वाळूत मुरलं की ते खाऱ्या पाण्यात मिसळून जात नाही, त्याच्यावर तरंगत राहतं, भिंगासारखं, मध्ये फुगीर आणि कडांना पातळ. आणि हिशोब असा, की समुद्राच्या पातळीच्या वर एक फूट गोडं पाणी असेल तर खाली साधारण ४० फूट गोडं असतं. ऐकायला किती छान, पण हाच हिशोब उलटा लावून बघा. वरून एक फूट उपसलंत की खालून खारं पाणी ४० फूट वर यायला बघतं.

एका मे महिन्यात आमच्या वाडीत हेच झालं. पंपांवर पंप चालू, दिवसभर उपसा, कोणी कोणाला विचारायला तयार नाही. एक दिवस चहा केला तर दूध नासल्यासारखी चव, आईला वाटलं दूधच खराब, दुसरं आणलं तरी तेच, मग लक्षात आलं की पाणी मचूळ झालंय. आजी तेव्हा होती, ती आठवडाभर सांगत होती, "बावडेक जरा विसावो दी गो." कोणी दिला नाही विसावा. पाऊस पडेपर्यंत आम्ही प्यायचं पाणी विकत घेतलं.

तर गोडगोळा म्हणजे हे वाळूखालचं भिंगच, मी ते उचलून हातात मावेल एवढं केलं. शहाळ्याएवढा, निळसर, बघायला ढगाळ. आषाढात तो विहिरीच्या तळाशी सोडायचा आणि चार महिने हात लावायचा नाही, तो पाऊस पितो. कार्तिकात वर काढला की ज्या खाऱ्या विहिरीत ठेवाल तिथे त्याच्याभोवती गोडं पाणी जमतं. घरटी तीन कळश्या. चौथी कळशी काढली तरी लगेच काही होत नाही आणि तीच खरी भीती आहे, कारण दुसऱ्या दिवशी शेजारी पण चौथी काढतो. मग एका सकाळी गोळा उलटतो, म्हणजे निळ्याचा पांढरा होतो, मिठासारखा, आणि मग आजूबाजूच्या सगळ्या विहिरी चार पावसाळे मचूळ. सातखाड्यांच्या मॅपवर तिसऱ्या खाडीच्या तोंडाशी एक ओसाड गाव दाखवलंय ते ह्याचंच, तिथल्या सावकाराने लेकीच्या लग्नाला दोनशे कळश्या काढल्या होत्या. गोळकरणीने नाही म्हटलं नाही, कारण तिच्या मुलाने त्याच्याकडून कर्ज घेतलेलं. तो प्रसंग खेळताना माझा पुतण्या रागाने उठून गेला होता, म्हणाला तिने सांगायला पाहिजे होतं.

ज्यांना वाटतं की खाऱ्या समुद्रात गोडं पाणी ही कल्पनाच जास्त होतेय त्यांनी सिंधुदुर्ग किल्ल्यात जाऊन यावं. मालवणसमोर कुरटे बेटावर, १६६४ मध्ये बांधायला घेतला, चारी बाजूंनी समुद्र, आणि आत तीन गोड्या पाण्याच्या विहिरी आहेत, दूधबाव, दहीबाव आणि साखरबाव. मी दर वेळी पाहुण्यांना घेऊन जाते, आणि पाहुणे तटावर फोटो काढत असले तरी मी थोडा वेळ त्या विहिरींजवळ जाऊन वाकून बघते. ही नावं कोणी ठेवली असतील त्याला खाऱ्या पाण्याची धास्ती नक्की ठाऊक असणार, नाहीतर पाण्याला दूध, दही, साखर कोण म्हणेल.

आता सादगोळा, ज्याच्याबद्दल भाचीने विचारलंय.

१६ मे २०२१. तौक्ते वादळ. आमच्याकडे ज्यांनी ते काढलं त्यांना वेगळं सांगायला नको. कौलं उडत होती आणि आवाज असा की एकमेकांच्या शेजारी बसून ओरडावं लागत होतं, माड मुळापासून उपटून पडले. लाइट गेली, नेटवर्क गेलं आणि नंतर कितीतरी दिवस आलंच नाही. माझी बहीण मुंबईला. तिला नुसतं एवढं सांगायचं होतं की आम्ही सगळे बरे आहोत, मागचं छप्पर गेलंय पण माणसं बरी आहेत. फोन हातात घेऊन मी डोंगराकडे, बंदराकडे, जिथे कोणी म्हणेल तिथे जाऊन आले. रात्री काळोखात बसून मी ते वाक्य नुसतंच मोठ्याने म्हटलं, तिचं नाव घेऊन. आईने काही विचारलं नाही, बहुतेक तिनेही मनात म्हटलं असेल. अंगणात खाली पडलेल्या नारळांचा खच होता, त्यातले बरेच आम्ही भरून पडवीत एका कोपऱ्यात टाकले आणि विसरलो.

त्या वर्षी चतुर्थी १० सप्टेंबरला होती. मोदकांसाठी नारळ सोलायला घेतले तर त्या ढिगातल्या काहींना हिरवे कोंब आलेले. आजीने एक हातात घेतला, वजन बघितलं, कानाजवळ हलवला, पाणी वाजत नव्हतं. "ह्यो रुजलो," म्हणाली, आणि फोडला. आत पाणी जवळजवळ नाहीच, मध्ये लिंबाएवढा पांढरा पिवळसर गोळा, हाताला स्पंजसारखा, वरून सुरकुत्या, एका बाजूने कोंबाला चिकटलेला. आजीने तो सोडवून माझ्या हातावर ठेवला, "खा गो, गोड लागता." गोडच होता, थोडा तेलकट. नारळाला तीन डोळे असतात ना, त्यातला एकच मऊ असतो, कोंब तिथूनच बाहेर येतो, आणि हा गोळा आतलं पाणी आणि खोबरं शोषून त्या कोंबाला पोसत असतो. म्हणजे बाहेरून नारळ तसाच दिसतो, आत मात्र पाण्याचं काहीतरी दुसरंच होत असतं.

मी तो चावत असतानाच मला सादगोळा दिसला. मे महिन्यात काळोखात म्हटलेलं वाक्य आणि हा नारळ, दोन्ही एकच.

सातखाड्यांमध्ये सादगोळा करवंटीचा असतो, मऊ डोळ्याला तोंड लावून बोलायचं, मग तो डोळा मेणाने बंद करायचा. एका गोळ्यात एका श्वासात बोलता येईल तेवढंच मावतं. तो होडीतून पाठवा, माणसाबरोबर पाठवा, अगदीच काही नसेल तर ओहोटीला पाण्यात सोडा, तरंगत जाईल. ज्याच्यासाठी आहे त्याने फोडला की आवाज ऐकू येतो, एकदाच, आणि करवंटीच्या दोन भकला उरतात. परत ऐकता येत नाही. भावंडांपैकी एकाने खूप आग्रह केला होता की दोनदा ऐकता यावं, निदान महत्त्वाचा निरोप असेल तर, पण मी ऐकलं नाही, कारण एकदाच ऐकायचं म्हटलं की माणसं फोडण्याआधी घरातल्या सगळ्यांना बोलावतात, पाखरं हाकलतात, लहान पोराला कडेवर घेऊन गप्प करतात. हे सगळं मला हवं होतं.

आणि वेळेत फोडला नाही तर सादगोळा रुजतो. आतला आवाज पाण्यासारखा आटत जातो आणि त्याचा गोळा होतो, आणि मग फोडलात तर बोलणाऱ्याने जे म्हटलं होतं ते ऐकू येत नाही, जे म्हणायचं राहिलं होतं ते ऐकू येतं. म्हणून काही लोक मुद्दाम थांबतात. दुसऱ्या खाडीवरची एक म्हातारी नवऱ्याचा गोळा सात महिने उशाशी घेऊन झोपली. फोडला की नाही ते मी अजून लिहिलेलं नाही.

उजेडगोळ्याचं त्या मानाने सोपं आहे, तो जवळजवळ खराच आहे. थंडीच्या दिवसांत कधीकधी आमच्या किनाऱ्यावर रात्री लाटा निळ्या पेटतात, आता व्हिडिओ फिरतात त्यामुळे सगळ्यांना माहीत झालंय. ते करणारा जीव म्हणजे नॉक्टिल्युका, एकाच पेशीचा, आणि आकाराने चक्क गोल, फुग्यासारखा, मोठ्यात मोठा मिलिमीटर-दोन मिलिमीटरचा. म्हणजे ती अख्खी लाट लाखो बारीक गोळ्यांची असते. आणि ते स्थिर असले की काळोख, हलले की उजेड. लाट फुटली, पाय पडला, मासा गेला, की तेवढ्याच जागी निळं. एकदा ओल्या वाळूवर मी अनवाणी चालत गेले आणि मागे वळून बघितलं तर पावलं एकेक करून विझत होती.

त्यामुळे उजेडगोळ्याचा रूल आयता मिळाला. तो हलवला तरच पेटतो, ठेवून दिला की झोपतो. बोटीच्या पुढच्या टोकाला, नाळेवर बांधतात, लाटांवर बोट हलते तोपर्यंत उजेड. आणि ह्यातून एक गोष्ट आपोआप आली जी मी ठरवली नव्हती. घट्ट, तरण्या हातात गोळा मंद असतो. सगळ्यात चांगला उजेड म्हाताऱ्या माणसांच्या हातात पडतो, कारण त्यांचे हात थरथरतात. म्हणून सातखाड्यांमध्ये रात्री वाट दाखवायला पुढे म्हातारी माणसं चालतात, आणि घाबरलेला माणूस लपून बसला तर त्याचा गोळा त्याला पकडून देतो. आजी गेली त्याच्या आदल्या वर्षी तिचा हात चहाचा कप धरताना हलायचा, तेव्हा हे सुचलं.

भरतीगोळा थोडक्यात सांगते. तो भरतीला जड होतो आणि ओहोटीला हलका. उधाणाला, म्हणजे अमावस्या-पौर्णिमेच्या आसपास, दोन माणसांना उचलत नाही, भांगाच्या दिवसांत, म्हणजे अष्टमीच्या आसपास भरती कमी असते तेव्हा, पोर पण खांद्यावर घेऊन जाईल. त्याने जड दरवाजे उघडतात, बोटी ओढतात. वेळ काढायला मी आमच्याकडचाच हिशोब ठेवलाय, तिथीला पाऊणने गुणायचं, चतुर्थी असेल तर चार पाऊण तीन, म्हणजे तीनच्या सुमाराला पूर्ण भरती. मुलं हा हिशोब खेळता खेळता तोंडपाठ शिकली, मग खऱ्या समुद्रावर जाऊन ताडून बघितला आणि तीनला पाणी खरंच वर होतं, त्यांचे चेहरे तेव्हा बघायला पाहिजे होते.

भविष्य दाखवणारा गोळा मात्र मी ठेवला नाही. त्याच्या जागी कौलगोळा आहे, देवळात देवाला विचारून हो की नाही ते घेतात त्या कौलावरून घेतलेला. तो काही दाखवत नाही, उजवीकडे गडगडतो नाहीतर डावीकडे, बस. आणि एकट्याला विचारता येत नाही, सगळ्या गावाने उभं राहायचं, एकाने गाऱ्हाणं घालायचं आणि बाकीच्यांनी "व्हय म्हाराजा" म्हणायचं. एक जण जरी गप्प राहिला तरी गोळा जागचा हलत नाही. खेळताना ह्यात खूप मजा येते, कारण प्रश्न काय विचारायचा ह्यावरच तासभर भांडण होतं.

आगीचे गोळे, फेकून मारायचे गोळे, ते आमच्याकडे नाहीत. मला त्यात रस नाही.

गोळा कोणाचा, हा प्रश्न मात्र सगळ्यात जास्त वेळा येतो, आणि इथे मला नेहमी स्यमंतक मणी आठवतो. चतुर्थीला चंद्र बघायचा नाही, बघितला तर चोरीचा आळ येतो, आणि चुकून बघितलाच तर स्यमंतकाची गोष्ट ऐकायची, हे आमच्या घरात दरवर्षी होतं. सूर्याने सत्राजिताला दिलेला मणी, रोज आठ भार सोनं देणारा. त्याचा भाऊ प्रसेन तो गळ्यात घालून शिकारीला गेला, सिंहाने मारला, सिंहाला जांबवंताने मारलं, आणि आळ आला कृष्णावर. लहानपणी मला सोन्याचं कौतुक होतं. आता ती गोष्ट ऐकताना वाटतं, मणी एवढा मोठा, आणि एकाच घरात ठेवलेला, मग दुसरं काय होणार होतं. अख्ख्या गोष्टीत तो मणी गावाच्या उपयोगी पडल्याचं फारसं येतच नाही, नुसता ह्याच्या हातातून त्याच्या हातात.

माझ्याकडे दुसरा नमुना होता, रापणीचा, म्हणजे किनाऱ्यावरून सगळ्यांनी मिळून ओढायच्या मोठ्या जाळ्याचा. रापण ओढताना ज्याने दोराला हात लावला त्याला वाटा मिळतो. आम्ही पोरं नुसती दोर धरून उभी असायचो, ताकद काय असणार, ओढणारे दोन्ही टोकांना वेगळेच, तरी जाळं किनाऱ्याला लागलं की कोणीतरी ओंजळभर मासळी आमच्या पिशवीत टाकायचंच. सातखाड्यांमधले गोळे तसेच. गोळकरी मालक नाही, त्याची पाळी असते, एका पावसाळ्यापासून दुसऱ्या पावसाळ्यापर्यंत, मग पुढच्या घरी. ज्या घरात गोळा असतो त्या घराने वर्षभर त्याच्यावर खपायचं आणि वाटा मात्र सगळ्यांएवढाच घ्यायचा. ह्यावरून पण भांडणं होतात, मानाची भांडणं आमच्या भागाला नवीन नाहीत, मी ती खेळात जशीच्या तशी ठेवलीयेत, गोड केली नाहीत.

तर आता भाचीचा प्रश्न. सादगोळा ऐकलाच नाही आणि पुरला तर.

खरं म्हणजे आम्ही ते केलेलं आहे. २०२१ च्या त्या ढिगातले रुजलेले सगळे नारळ आजीने फोडू दिले नव्हते, एक तिने बाजूला काढला आणि मागच्या बाजूला, जिथला माड वादळात पडला होता त्याच्या शेजारी, खड्डा करून मीठ घालून लावला. आता तो माझ्या डोक्याच्या वर गेलाय. अजून धरला नाही, आणखी काही वर्षं जातील. त्या रात्री काळोखात मी बोलले तेव्हा तो नारळ अंगणातच कुठेतरी पडलेला होता.

मी भाचीला फोन करून हे सांगितलं. ती बराच वेळ काही बोलली नाही, मग म्हणाली, मग त्याला जेवढे नारळ लागतील त्या सगळ्यांत तेच वाक्य असणार का? मी म्हटलं मला माहीत नाही, तूच ठरव. दुसऱ्या दिवशी तिने रूल लिहून पाठवला, मी तो तिच्याच शब्दांत वहीत उतरवून घेतला, "पुरलेल्या सादगोळ्याचा माड होतो. त्याचा पहिला नारळ ज्याच्यासाठी आवाज होता त्यानेच फोडायचा. बाकीचे नारळ साधे, ते आमटीत घालायचे."

बहिणीला अजून सांगितलेलं नाही. ती मे महिन्यात येईल तेव्हा तिला तो माड दाखवणार आहे.